वाळूतले देव, संध्याकाळच्या आत पुसायचे: नावाहो विधिचित्रं आणि आपले चौक

गॅलपची मेघना

मी न्यू मेक्सिकोत गॅलपला राहते. फिजिओथेरपिस्ट आहे. माझ्याकडे येणारे बरेचसे पेशंट दिने आहेत, म्हणजे आपण ज्यांना नावाहो म्हणतो ते. नावाहो हे नाव त्यांना स्पॅनिश लोकांमुळे चिकटलं. त्यांच्या भाषेत ते दिने, म्हणजे माणसं.

मागच्या हिवाळ्यात गुडघ्याचं ऑपरेशन झालेल्या एका आजींनी ठरलेल्या वेळा पुढे ढकलायला सांगितल्या. कारण विचारलं तर म्हणाल्या, "मुलांनी माझ्यासाठी गाणं ठेवलंय." मला वाटलं, नातवंडांचा शाळेतला कार्यक्रम असेल. सोबत आलेल्या मुलीने समजावलं की गाणं म्हणजे विधी, बरं होण्यासाठी केलेला. आपल्याकडे कुणी "यंदा जागरण घातलंय" म्हणतं तेव्हा ते झोपेबद्दल बोलत नसतं, तसंच.

तेव्हापासून जे वाचलं, संग्रहालयांत पाहिलं, लोकांनी आपणहून सांगितलं, ते इथे मांडते आहे. प्रत्यक्ष विधी मी पाहिलेला नाही आणि दाखवा म्हणून कुणाच्या मागेही लागणार नाही. तो आजारी माणसासाठी आणि त्याच्या घरच्यांसाठी असतो.

विधी होतो होगानमध्ये. होगान म्हणजे लाकूड-मातीचं गोलसर घर, दार पूर्वेला. आत शिरल्यावर सूर्य फिरतो त्या बाजूनेच फिरायचं, आपली प्रदक्षिणाच. विधी चालवणारा तो हाताली. या शब्दाचा अर्थ सरळ 'गाणारा' असा आहे. वैद्य, पुरोहित, चित्रकार ही सगळी कामं त्याच्याकडे, पण नाव मिळालं ते गाण्यावरून. एकेका मोठ्या विधीत शेकडो गाणी असतात, ती क्रमाने आणि न चुकता म्हणायची. म्हणून बहुतेक हाताली आयुष्यभरात एखाद-दोन मोठे विधीच पुरते शिकतात. 'रात्रीचा मार्ग' हा विधी नऊ रात्री चालतो आणि तो हिवाळ्यातच करायचा, साप जमिनीत झोपी गेल्यावर.

गाण्यांबरोबर येतं वाळूचं चित्र. जमिनीवर स्वच्छ वाळूचा थर पसरतात आणि मागावरच्या लाकडी फळीने तो सपाट करतात. मग अंगठा आणि तर्जनीच्या चिमटीतून रंगीत भुकटी सोडत रेघ ओढायची. ही चिमूट आपल्या कुठल्याही रांगोळी घालणाऱ्या बाईला ओळखू येईल. पांढरा रंग जिप्समचा, पिवळा आणि तांबडा मातीचा नि दगडाचा, काळा कोळशाचा. निळा म्हणजे खरं तर कोळसा आणि पांढरं मिसळून झालेला राखाडी. पण तांबड्या-पिवळ्याशेजारी पडला की डोळ्यांना तो निळाच दिसतो.

चित्र मधून सुरू होऊन बाहेर वाढत जातं. काही चित्रं हातभर, काही वीस फुटांपर्यंत. हाताली स्वतः सगळं काढत नाही. मदतनीस काढतात, तो बघतो, चुकेल तिथे सांगतो. चुकलेली रेघ पुसायची नाही, तिच्यावर जमिनीच्या रंगाची वाळू टाकून ती झाकायची आणि पुन्हा काढायची. आकृती असतात त्या येईंच्या, म्हणजे पवित्र जनांच्या. साधारण नियम असा की गोल डोक्याची आकृती पुरुषाची, चौकोनी डोक्याची स्त्रीची. तीन बाजूंनी इंद्रधनुष्याची लांबलचक देवता राखणीला वेढा घालते आणि पूर्वेची बाजू मोकळी राहते.

आता खरं सांगायचं ते. एवढं तासन्तास खपून काढलेलं चित्र पुरं झाल्यावर कुणी ते बघत बसत नाही. त्यावर मक्याचे पराग शिंपडतात, प्रार्थना होते आणि आजारी माणूस चित्राच्या मधोमध जाऊन बसतो. हाताली ओल्या हाताला चित्रातली वाळू लावून घेतो आणि देवाच्या पावलांची वाळू आजाऱ्याच्या पावलांना, गुडघ्यांची गुडघ्यांना, छातीची छातीला, डोक्याची डोक्याला लावतो. देवाचं बळ माणसात येतं आणि माणसाचं दुखणं वाळूत जातं. मग चित्र मोडायचं, वाळू गोळा करायची आणि बाहेर उत्तरेच्या अंगाला नेऊन टाकायची. सूर्य मावळायच्या आत सगळं संपलेलं असतं.

देवाच्या गुडघ्याची वाळू माणसाच्या गुडघ्याला. हे वाचताना मला त्या आजी आठवल्या आणि मी पुस्तक जरा वेळ मिटून ठेवलं.

या चित्राला दिने भाषेत म्हणतात ईकाह. अर्थ: देव जिथे येतात आणि जातात ती जागा. 'चित्र' असा त्यात शब्दच नाही. आपण कागदावर किंवा काचेमागे पाहतो ते या जागेचं रेखाटन. जागा तेवढ्यापुरती उघडते आणि बंद होते.

माझी आजी वाईला चैत्रात रोज देवघरासमोर चैत्रांगण काढायची. झोपाळ्यावरची गौर, नाग, कासव, सूर्य-चंद्र, गोपद्मं, तुळशीवृंदावन. दुसऱ्या दिवशी सकाळी तेच पुसून पुन्हा. मी एकदा म्हटलं होतं, आजी, ऑइलपेंटने काढून टाक ना, रोजचा त्रास वाचेल. ती रागावली नाही. "मग गौर रोज येईल कशाला?" एवढंच म्हणाली. त्याचा अर्थ मला चाळिशीत, हजारो मैलांवर कळायला लागलाय.

तुमच्या भागात अशी वापरायची आणि मग मोडायची चित्रं कोणती आहेत? आठवतील ती लिहा.

माणदेशी मुलगा

ताई, वाचताना अंगावर काटा आला. आमच्याकडे गोंधळाला पाटावर धान्याचा चौक भरतात, वर कलश. गोंधळ संपला की चौक मोडतो आणि ते धान्य कुणी इकडेतिकडे टाकत नाही. लहानपणी मला वाटायचं की गोंधळी गाण्यासाठी येतात आणि चौक ही नुसती सजावट. माझे चुलते म्हणायचे, चौक भरल्याशिवाय हाक कुठे मारायची? देवीला बसायला जागा नको का?

रंगांबद्दल अजून सांगा. पाचच रंग का?

गॅलपची मेघना

चार दिशांचे चार मूळ रंग. पूर्व पांढरी, दक्षिण निळी, पश्चिम पिवळी, उत्तर काळी. तांबडा त्यांच्या जोडीला येतो. प्रत्येक दिशेला एक डोंगर आणि एक मौल्यवान वस्तू. पूर्वेला कोलोरॅडोतलं ब्लांका शिखर, शुभ्र शिंपल्याचं. दक्षिणेला माउंट टेलर, फिरोज्याचा. पश्चिमेला ॲरिझोनातली सॅन फ्रान्सिस्को शिखरं, पिवळट झाक मारणाऱ्या शिंपल्याची. उत्तरेला हेस्पेरस, काळ्या चकचकीत दगडाचा. या चार डोंगरांच्या मधली जमीन म्हणजे दिनेंचं घर. वेगवेगळ्या विधींत रंगांचा क्रम बदलतो, त्यामुळे एकच कोष्टक सगळीकडे लावू नये.

ते घर एकदा सुटलं होतं. १८६४ मध्ये अमेरिकन सैन्याने हजारो दिनेंना शेकडो मैल चालवत पेकोस नदीकाठच्या एका छावणीत नेलं. दिने त्या जागेला ह्वेल्दी म्हणतात आणि ते नाव जुनी माणसं सहज तोंडातून काढत नाहीत. चार वर्षांनी, १८६८ च्या तहानंतर, ते परत आले. परतीच्या वाटेवर माउंट टेलर दिसला तेव्हा म्हातारी माणसं रडली असं इथे सांगतात. दक्षिणेचा डोंगर दिसला म्हणजे घराची भिंत दिसली.

आणि पश्चिमेच्या डोंगरावर आज काय चाललंय? तिथल्या स्कीइंगच्या उतारांवर शुद्ध केलेल्या सांडपाण्यापासून बनवलेला बर्फ फवारतात. दिने, होपी आणि इतर जमाती कोर्टात गेल्या, २००८ मध्ये निकाल विरोधात गेला, २०१२ पासून फवारणी सुरू झाली. ज्या डोंगराची माती विधीसाठी आणायची त्यावर हे. मला याचा फार राग येतो.

कृष्णाकाठचा शंतनू

मेघनाताई, इंटरनेटवर नावाहो वाळूचित्रं शोधली तर चक्क स्वस्तिक दिसलं. घोंगड्यांवरही आहे. याचा अर्थ प्राचीन काळी आपले लोक तिकडे पोचले होते असाच होतो ना? इतकं साम्य योगायोगाने कसं येईल?

गॅलपची मेघना

शंतनू, प्रश्न बरोबर जागी आलाय, पण उत्तर तसं नाही. त्या आकृतीला दिनेंची स्वतःची गोष्ट आहे.

एक तरुण पोकळ ओंडक्यात बसून सॅन हुआन नदीतून निघतो. देव आधी त्याला अडवतात, मग त्याचा हट्ट बघून मदत करतात. वाहत वाहत तो अशा जागी पोचतो जिथे पाण्यावर दोन ओंडके एकमेकांवर फुलीसारखे पडून गरगर फिरत आहेत आणि त्यांच्या टोकांवर देव बसले आहेत. तिथे त्याला विधीची चित्रं आणि शेतीचं ज्ञान मिळतं. म्हणून चित्रात मध्ये पाणी, त्यावर फुली, टोकांशी येईंच्या जोड्या. फुलीला फिरण्याची दिशा दाखवली की जी आकृती होते ती आपल्याला स्वस्तिकासारखी दिसते. रात्रीच्या मार्गातलं हे एक मुख्य चित्र आहे. यात भारतातून कुणी जाण्याची गरजच पडत नाही. टोपली विणणाऱ्या माणसाच्या हातातून तर ही आकृती आपोआप निघते, म्हणून ती जगात अनेक ठिकाणी स्वतंत्रपणे दिसते.

पुढचं ऐक. फेब्रुवारी १९४० मध्ये टूसॉनला नावाहो, होपी, अपाचे आणि पापागो जमातींच्या प्रतिनिधींनी एका पत्रकावर सह्या केल्या. आमच्या पूर्वजांसाठी हे मैत्रीचं चिन्ह होतं, दुसऱ्या एका राष्ट्राने ते विटाळलं, म्हणून यापुढे आम्ही घोंगड्यांवर, टोपल्यांवर, वाळूचित्रांत ते वापरणार नाही, असा त्याचा आशय. समोर एक घोंगडी जाळली. ज्यांचं चिन्ह होतं त्यांनी, ज्या नाझींच्या अत्याचाराशी त्यांचा काही संबंध नव्हता, त्यांच्यामुळे ते खाली ठेवलं. दिवाळीत दारात स्वस्तिक काढताना मला इथे शेजाऱ्यांना समजावून सांगावं लागतं, तेव्हा ही सही करणारी माणसं डोळ्यांसमोर येतात.

फौजी नाना

मेघनाताईंच्या माहितीला जोड. अमेरिकन सैन्याच्या ४५ व्या पायदळ डिव्हिजनचं खांद्यावरचं चिन्ह लाल चौकोनात पिवळं स्वस्तिक होतं, नैऋत्येतल्या मूळ रहिवाशांच्या मानार्थ घेतलेलं. नाझींमुळे १९३९ मध्ये ते बदललं आणि त्या जागी थंडरबर्ड, म्हणजे गर्जनापक्षी आला.

दुसऱ्या महायुद्धात सुमारे ४०० नावाहो जवानांनी आपल्या भाषेवर बांधलेल्या सांकेतिक भाषेत संदेश पाठवले, हे बऱ्याच जणांना ठाऊक असेल. परत आल्यावर त्यांच्यातल्या अनेकांच्या घरच्यांनी 'शत्रूचा मार्ग' हा विधी केला. ज्याने परक्याला मारलं किंवा प्रेतं पाहिली त्याच्यामागे त्या मृत माणसाची सावली येते, ती सोडवायची. मी स्वतः नोकरीत असताना सीमेवरून परतलेली पोरं पाहिली आहेत. त्यांना पदक मिळतं, रजा मिळते. घरचे, गावचे सगळे जमून तुला आतून धुऊन घेऊ असं म्हणणारं आपल्याकडे काही नव्हतं. ते असायला हवं होतं.

डहाणूची लेक

मी वारली आहे. हा धागा काल रात्री दोनदा वाचला.

आमच्याकडे लग्नाचा चौक असतो. तो काढत नाहीत, लिहितात. "चौक लिहायला चल" असंच म्हणतात. घरातल्या आतल्या भिंतीला शेणाने सारवून गेरूचा हात द्यायचा आणि तांदूळ वाटून त्या पांढऱ्याने बारीक काडीने लिहायचं. लिहिणार सवासिनी. माझी आई जायची. मधल्या चौकात पालघट देवी, हात पसरलेली, भोवती नक्षीच्या पट्ट्या. शेजारी लहान चौकात पंचशिऱ्या देव, घोड्यावर. बाहेर झाडं, माणसं, तारप्याचा नाच. धवलेरी गाणी म्हणते, तिच्या गाण्यातून देव बोलावले जातात. लग्न लावणारी बाई असते ही, भटजी नाही. चौक लिहिल्याशिवाय लग्न लागत नाही, म्हणजे नाहीच.

मेघनाताईंनी 'हाताली म्हणजे गाणारा' लिहिलं तिथे मी थांबले. धवलेरी हीसुद्धा तिच्या गाण्यावरूनच धवलेरी. धवळे गाते ती.

१९७० च्या दशकात चित्रकार भास्कर कुलकर्णी आमच्या भागात आले, बायांना कागद दिले. जिव्या सोमा मशे यांचं चित्र तिथून जगात गेलं. ते कलंबीपाड्याचे. २०११ मध्ये पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये गेले. आमच्या किती घरांत त्या चित्रांवर चूल पेटली, ते मी विसरणार नाही. पण एक सांगते. भिंतीवर लिहिणाऱ्या बाया होत्या, कागदावर नाव झालं ते बहुतेक पुरुषांचं. आणि कपबशीवर, पडद्यावर, बसस्टॉपवर जो गोल नाच दिसतो, तो लोकांना 'वारली' वाटतो. पालघट कुणाला माहीत नाही. माझी आई म्हणायची, कागदावरच्या पालघटला नैवेद्य लागत नाही. तिला त्यात तक्रार नव्हती. दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एवढंच ती सांगत होती.

सडेतोड सुमन

डहाणूच्या ताई, तुमच्या आईचं वाक्य मी वहीत लिहून ठेवलं.

माझा प्रश्न मेघनाला. मागे सेडोनाला फिरायला गेलो तेव्हा आम्ही फळीवर चिकटवलेलं वाळूचित्र विकत आणलं, हॉलमध्ये लावलं आहे. आता वाटतंय की आपण कुणाचा देव भिंतीला टांगून ठेवलाय का?

गॅलपची मेघना

सुमनताई, नाही. काळजी करू नका. विकण्यासाठी केलेल्या चित्रांत करणारे मुद्दाम काहीतरी बदलतात. एखादा रंग उलटा, एखादं पीस कमी, एखादी आकृती वेगळ्या जागी. ते चित्र त्यामुळे पुरं होत नाही, देवाला ते दार उघडं नसतं. गोंदाने वाळू फळीवर कायमची चिकटवायचं तंत्र विसाव्या शतकाच्या मध्यात रुळलं आणि त्यावर आज अनेक कुटुंबं जगतात. तुमच्या पैशातून कुणाच्या तरी घरी पीठ आलं असेल.

पण हा रस्ता सोपा नव्हता. होस्तीन क्लाह नावाचे एक मोठे हाताली होते, जन्म १८६७. दिने समाजात विणकाम बायकांचं आणि गाणं बहुतेक पुरुषांचं. क्लाह दोन्हींत अव्वल. दिने लोक अशा माणसाला नादलेही म्हणतात, ज्याच्यात बाई-पुरुष दोन्ही आहेत, आणि त्यांना मान होता. १९१९ च्या सुमारास त्यांनी विधीचं चित्र मागावर विणलं, तेच फिरत्या ओंडक्यांचं. आसपास भीतीची लाट उठली. जे संध्याकाळी मोडायचं ते लोकरीत कायमचं बांधून ठेवलं, आता आंधळेपणा येईल, दुष्काळ पडेल, असं लोक म्हणाले. क्लाह यांनी शुद्धीचे विधी केले आणि विणत राहिले. त्यांना काही झालं नाही, तेव्हा बाकीचे हळूहळू शांत झाले.

त्यांनी असं का केलं? त्यांचा तयार केलेला शिष्य त्यांच्याआधी वारला. मुलं सरकारी निवासी शाळांत, तिथे स्वतःची भाषा बोलायला बंदी. एवढं ज्ञान कुणाच्या हाती द्यायचं? बॉस्टनच्या श्रीमंत घरातल्या मेरी कॅबट व्हीलराइट यांच्या मदतीने त्यांनी गाणी, गोष्टी, चित्रं नोंदवून ठेवली. १९३७ मध्ये सांता फेला त्यासाठी संग्रहालय उघडलं. क्लाह त्याच वर्षी, ते उघडायच्या आधी वारले. माझ्या मते त्यांचा निर्णय बरोबर होता. मोडायचा नियम त्यांना माहीत नव्हता असं नाही. मोडल्यावर पुन्हा काढणारे हात उरणार नाहीत, हे त्यांना दिसत होतं.

वाचस्पती

मेघनाताईंशी थोडा असहमत आहे. क्लाह यांचा हेतू शुद्ध, पण शेजारी घाबरले ते अज्ञानाने घाबरले असं समजू नये. त्यांच्या दृष्टीने चित्र हे औषध आहे. औषध आजाऱ्याशिवाय उघडं ठेवलं तर ते धोक्याचंच.

आणि त्या संग्रहालयाची पुढची गोष्ट सांगायला हवी. १९७७ मध्ये संग्रहालयाने आपल्याकडची विधींची पवित्र गाठोडी दिने लोकांना परत केली. ती त्साइली इथल्या नावाहो कॉलेजात ठेवायला गेली, १९६८ मध्ये सुरू झालेलं, जमातीने स्वतः चालवलेलं अमेरिकेतलं पहिलं कॉलेज. म्हणजे पन्नासेक वर्षांनी शिकणारे हात उभे राहिले आणि ठेव मालकाकडे गेली. परत देण्याचा कायदा १९९० मध्ये आला, हे त्याच्या तेरा वर्षं आधी. क्लाह यांचा निर्णय मी इथपर्यंत आल्यावर मानतो, १९१९ पाशी थांबून नाही.

गॅलपची मेघना

वाचस्पती, हे मान्य. औषधाची उपमा माझ्यापेक्षा तुम्हाला नीट सापडली.

नीळकंठ कोचीकर

नोकरीनिमित्त तीस वर्षं केरळात आहे. मेघनाताईंचं पाच रंगांचं वाचून मी उडालो, कारण इथल्या कळमेळुत्तुमध्येही पाचच भुकट्या. तांदळाचं पीठ पांढरं, कोळसा काळा, हळद पिवळी, वाळवलेल्या पानांची हिरवी आणि हळदीत चुना मिसळून झालेली तांबडी. भद्रकाली, अय्यप्पन किंवा नाग जमिनीवर काढतात, तेही मधून बाहेर. काढून झाल्यावर समोर बसून त्या देवाचं वर्णन गातात. मग अंगात आलेला वेलिच्चप्पाडु नाचत नाचत ते सगळं चित्र पायाखाली पुसून टाकतो. सर्पाच्या कळमात मुली-बायका घुमतात आणि सुपारीच्या फुलोऱ्याने पुसतात. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा माझ्या तोंडून "अरे अरे" निघालं होतं. शेजारच्या म्हाताऱ्यांनी माझ्या हातावर हात ठेवला.

एक फरक मात्र मोठा आहे. इथे पुसल्यावर ती भुकटी प्रसाद म्हणून कपाळाला लावायला देतात. दिनेंकडे ती लांब नेऊन टाकतात.

गॅलपची मेघना

नीळकंठकाका, हा फरक तुम्ही पकडलात याचा फार आनंद झाला. मला वाटतं, इथे वाळूने दुखणं ओढून घेतलेलं असतं म्हणून ती घरात ठेवत नाहीत. तुमच्याकडे देवी येऊन गेलेली असते म्हणून ती घरी न्यायची. वरवर दोन्ही 'पुसलेली चित्रं', पण आतला व्यवहार उलट्या दिशेचा.

तारकामंडळ

मी आकाशनिरीक्षक आहे, म्हणून आकाशपिता-धरणीमातेच्या चित्राबद्दल लिहा ना. त्यात तारे असतात असं ऐकलंय. आपल्या वेदांतल्या द्यावापृथिवींची आठवण झाली.

गॅलपची मेघना

जोडीने काढतात. आकाशपिता काळा, अंगावर सूर्य, चंद्र, तारे आणि खांद्यांवरून गेलेली आकाशगंगा, ती नागमोडी जाळीसारखी. धरणीमाता निळी, तिच्या पोटातून चार पवित्र झाडं उगवतात: मका, घेवडा, भोपळा, तंबाखू. दोघांना परागांची एक रेघ जोडते. मका, लाल भोपळा, घेवडा आणि तंबाखू ही सगळी अमेरिका खंडातूनच जगभर आणि आपल्याकडे आली. आपल्या भाकरीच्या ताटात धरणीमातेच्या पोटातलं काहीतरी रोज असतं.

ताऱ्यांची गोष्ट फक्त हिवाळ्यात सांगायची असा नियम आहे. पहिल्या थंडीपासून पहिल्या मेघगर्जनेपर्यंत. आज माझ्या खिडकीबाहेर बर्फ आहे, म्हणून सांगते. काळा देव, म्हणजे अग्नीचा देव, एकेक स्फटिक उचलून आकाशात नीट जागेवर ठेवत होता. कृत्तिका तर त्याच्या स्वतःच्या चेहऱ्यावर आहेत. तेवढ्यात कोल्हा आला, म्हणजे इथला कायोटी. किती वेळ लावतोस म्हणाला आणि उरलेले सगळे तारे फुंकून उधळून दिले. म्हणून काही नक्षत्रांना आकार आणि नावं आहेत, बाकीचे तारे विस्कटलेले. मला या गोष्टीत सर्वांत आवडतं ते हे की उधळलेले तारे कुणी परत गोळा केले नाहीत. कोल्ह्याचा वाटाही आकाशात राहिला.

शब्दवेडी

दिनेंच्या प्रार्थनांतल्या होझो या शब्दाचं मराठी काय कराल? इंग्रजीत सौंदर्य म्हणतात, ते अपुरं वाटतं. प्रार्थनेतली ओळ आहे ना: माझ्यापुढे होझो, मागे होझो, खाली, वर, भोवती होझो.

वाचस्पती

'स्वस्थ' पाहा. स्व-स्थ, आपल्या जागी असलेला. आजारी म्हणजे जागेवरून सरकलेला. आजाऱ्याला चार दिशांच्या मधोमध नेऊन बसवायचं, हा विधी 'स्वस्थ' शब्दाचा अर्थच जमिनीवर काढून दाखवतो. सौंदर्य, आरोग्य, नीटनेटकेपणा, सगळं त्या एका जागी येतं.

माणदेशी मुलगा

वा!

लांब पल्ल्याचा ड्रायव्हर

मी ट्रक चालवतो, चाळीस नंबरच्या हायवेवर नेहमी. ग्रँट्स गावाजवळ काळ्या लाव्ह्याचं रान लागतं, मैलोन्मैल. एका ट्रकस्टॉपवर दिने ड्रायव्हरने सांगितलं, ते राक्षसाचं रक्त आहे. सूर्याच्या दोन जुळ्या मुलांनी येईत्सो नावाच्या महाराक्षसाला मारलं, त्याचं रक्त वाहिलं आणि गोठलं. तेव्हापासून तिथून जाताना मी वेग कमी करतो.

त्याने पुढचंही सांगितलं. जुळ्यांनी सगळे राक्षस मारत आणले, पण काहींना सोडलं. म्हातारपण, थंडी, गरिबी, भूक, उवा. प्रत्येकाने आपली बाजू मांडली. म्हातारपण म्हणालं, मी नसेन तर मुलांना मोठं व्हायची घाई कशी होणार? भूक म्हणाली, मी गेले तर कुणी जेवणाची चव घेणार नाही, शिकारीला जाणार नाही. जुळ्यांना पटलं. याच भागात नंतर युरेनियमच्या खाणी आल्या. दिने त्याला लीत्सो म्हणतात, पिवळी माती. बरेच लोक म्हणतात, हा नवा राक्षस, याची मात्र बाजू कुणाला पटलेली नाही. त्याच्या वडिलांनी खाणीत काम केलं होतं. पुढे तो काही बोलला नाही, मीही विचारलं नाही.

सडेतोड सुमन

ड्रायव्हरदादा, तुम्ही वेगळा धागा काढा. रस्त्यावर ऐकलेल्या गोष्टी आम्हाला वाचायच्या आहेत.

गॅलपची मेघना

दादा, लीत्सोबद्दल माझ्याकडे येणारे लोकही असंच बोलतात.

आजींचं काय झालं असं दोघातिघांनी निरोपात विचारलं. विधीनंतर चार दिवस पथ्य असतं, ते पाळून त्या परत आल्या. मी गुडघा वाकवून मोजला, व्यायाम दिले. विधीत कोणतं चित्र होतं ते मी विचारलं नाही. जाताना त्यांनीच विचारलं, तुमच्याकडे आजारी पडल्यावर गातात का? मी जागरणाचं सांगितलं, रात्रभर चालतं, दिवटी असते, संबळ असतो. त्या म्हणाल्या, "रात्रभर? मग तुम्हाला माहितीये."

डहाणूच्या ताई, एक विचारायचं राहिलं. लग्न झाल्यावर चौकाचं काय करतात? पुसतात?

डहाणूची लेक

मुद्दाम पुसत नाहीत. तो तसाच राहतो. चुलीचा धूर बसतो, पावसाळ्यात कुडाची भिंत ओल धरते, माती सुटते, पोरं पाठ टेकून बसतात. हळूहळू जातो. पुढच्या लग्नाला त्यावरच सारवून नवा लिहायचा. आमच्या आईच्या घरात सध्या भावाच्या लग्नातला आहे, तीन पावसाळे झाले. घोडा गेला, झाडं गेली. पालघटचे दोन्ही हात अजून दिसतात.